मालकांची बायको

इंग्लंडमधल्या एका जमीनदाराचं घर मला माझ्या सासरच्या घराइतकं पाठ आहे. गृहस्थ जाऊन चारशे वर्षं झाली. पण त्याच्याकडे चांदीचे चमचे किती होते, त्यातले कोणत्या मुलीला किती गेले, चर्चमधल्या पुढच्या बाकावरून शेजाऱ्याशी त्याचं कसं वाजलं, पार्लमेंटात तो तीनदा गेला आणि तोंड एकदाच उघडलं, तेही एका पुलाच्या डागडुजीसाठी, हे सगळं मी झोपेतून उठवलं तरी सांगेन. वर्गात मी त्याला ‘मालक’ म्हणत असे. मुलं अरबी, इंग्रज, इजिप्शियन, मल्याळी. दोन महिन्यांत तो शब्द सगळ्यांच्या तोंडात बसला.

मी अल ऐनमध्ये इतिहास शिकवते. दुबईची माणसं अल ऐनला खेडं समजतात, समजोत बापडी. इथे खजुराच्या बागा आहेत, रस्त्यावर गर्दी नाही, आणि घरी पोचायला मला गाडीने बारा मिनिटं लागतात. नवरा एका इस्पितळात यंत्रांची देखभाल बघतो. मी ब्रिटिश अभ्यासक्रमाच्या शाळेत आहे. तिथे बारावीच्या पुढे तेरावी असते आणि तेरावीचा इतिहास शिकवणारा माणूस इंग्लंडहून येतो, हा अलिखित नियम. माझ्यासारख्यांनी सातवी-आठवीला पिरॅमिड आणि रोमन सैनिकांच्या चपला शिकवायच्या. मी त्या चपला सतरा वर्षं शिकवल्या.

मग दोन वर्षांपूर्वी तेरावीचा मास्तर सत्र सुरू व्हायच्या आठवडाभर आधी राजीनामा देऊन मायदेशी गेला. दुसरा माणूस एवढ्यात मिळेना. मी विभागप्रमुख बाईंच्या खोलीत गेले आणि सांगितलं, हा वर्ग मी घेते. बाई इंग्लंडच्या उत्तरेकडच्या. उंच, कमी बोलणाऱ्या, चहा मात्र आपल्यासारखा कडक पिणाऱ्या. त्या म्हणाल्या, "हा सोळाव्या-सतराव्या शतकातला इंग्लंडचा इतिहास आहे. तुमचं शिक्षण मराठ्यांच्या इतिहासात झालंय ना?"

"हो," मी म्हटलं. "पण तुमच्या लोकांनी आम्हाला आमचा इतिहास दीडशे वर्षं शिकवला. मी तुमचा एक वर्ष शिकवून बघते."

बाई हसल्या नाहीत, पण नाहीही म्हणाल्या नाहीत. एक वर्ष द्यायचं ठरलं. निबंधांचे गुण परीक्षा मंडळाकडे जातील, मंडळाने ते मान्य केले की वर्ग कायमचा माझा. काही गडबड झाली तर मी पुन्हा रोमन चपलांकडे. इतकं सरळ होतं ते. घरी येऊन मी शिरा केला, आणि मुलाने इंग्रजीत विचारलं, "मॉम, व्हॉट्स द ऑकेजन?"

तेरावीच्या मुलांना एक मोठा निबंध लिहावा लागतो, मूळ कागदपत्रं वाचून. मी त्यांच्यासाठी एकच माणूस निवडला. कोणी मोठा मंत्री नाही, राजा तर नाहीच. एका परगण्यातला खाऊनपिऊन सुखी जमीनदार, गावचा न्यायाधीश, अधूनमधून पार्लमेंटाचा सभासद. त्याची पत्रं, मृत्युपत्र, चर्चच्या नोंदवह्या, त्याच्यावर झालेल्या दाव्याचे कागद, सगळं कोणीतरी प्रेमाने स्कॅन करून ठेवलेलं आहे. त्यातून मी वेचून बारा कागदांचं एक पाकीट केलं, प्रत्येकावर माझी टीप लिहिली, आणि वर्गाला वाटलं.

खोटं कशाला बोलू, मी फार छान शिकवलं. कारण हा माणूस मला आधीपासून माहीत होता. आमच्या तालुक्यात असे दहा होते. चर्चमधल्या बाकाचं भांडण इंग्रज मुलांना कळेना, बसायच्या जागेवरून कोणी कोर्टात जातं का? मी त्यांना आमच्या जत्रेतला मानाचा नारळ सांगितला. पहिला नारळ कोणी फोडायचा यावरून दोन घरांत तीन पिढ्या बोलणं नव्हतं, हे ऐकल्यावर त्यांना बाक कळलं. निवडणुकीचंही तेच. त्या काळात परगण्यातले चार मोठे लोक आधी बसून ठरवत कोणाला पाठवायचं, आणि प्रत्यक्ष मतदानाची वेळ आली तर ती नाचक्की समजत. पुस्तकात यावर दोन पानं आहेत. मला दोन वाक्यं पुरली. माझा मामा सोसायटीचा चेअरमन ‘बिनविरोध’ झाला त्याच्या आदल्या दिवशी आमच्या पुढच्या खोलीत चहाचे किती कप झाले आणि कोणकोण रुसून उठून गेलं, ते मी कपबशा विसळत ऐकलं होतं. ‘बिनविरोध’ हा दुसरा शब्द मुलांनी उचलला.

मालकांची गोष्ट अशी. ते चौदा वर्षांचे असताना वडील वारले. त्या काळी जमिनीचा वारस अज्ञान असला की त्याचं पालकत्व सरकार विकत असे. ज्याने ते घेतलं त्याने पोराला वाढवायचं, तोवर जमीन बघायची आणि त्याचं लग्नही आपल्या मर्जीने लावायचं. शेजारच्या एका बड्या जमीनदाराने हे पालकत्व घेतलं. पोराला घरी आणलं, शिकवलं, लंडनला कायदा शिकायला पाठवलं आणि वेळ येताच आपली मुलगी त्याला दिली. जमीन दिली, एक गिरणी दिली. पहिल्यांदा पार्लमेंटात धाडलं तेही सासऱ्यानेच. आणि पाच-सहा वर्षांत हाच सासरा जावयावर दावा लावतो: मुलीला दिलेली जमीन परत दे, गिरणी परत दे, कपड्यांची पेटीसुद्धा परत दे.

हा दावा म्हणजे माझ्या शिकवण्याचा कळस. मी वर्गात सासऱ्याचा अर्ज चढ्या आवाजात वाचायचे. आपल्याकडे जावयाला दशमग्रह म्हणतात, नऊ ग्रहांनी छळून झालं की हा दहावा. मी मुलांना सांगितलं, इथे उलटं आहे, इथे सासराच दशमग्रह. मुलगी त्या घरात नांदतेय, एकापाठोपाठ एक लेकरं होतायत, पुढे नऊ झाली, आणि हा म्हातारा जावयाकडे पेटी मागतोय. जावई वरचढ झाला, पार्लमेंटात स्वतःच्या बळावर जायला लागला, ते याला बघवलं नाही. वर्ग खो खो हसायचा. एका मुलाने म्हाताऱ्याचं चित्र काढलं, काखेत पेटी घेऊन पळतानाचं. ते मी फळ्याशेजारी लावलं.

एक बारीकशी गोष्ट होती. सासऱ्याच्या पत्रात त्या मुलीचं एक नाव होतं, आणि मालकांच्या थडग्यावरच्या लेखात बायकोचं नाव दुसरंच. मी कागदाखाली टीप लिहिली: ‘लग्नानंतर नाव बदललेलं दिसतं.’ ही टीप लिहायला मला पाव मिनिटही लागलं नसेल.

माझंही बदललं होतं. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला असताना माझं लग्न झालं. कार्यालयात संध्याकाळी लक्ष्मीपूजन होतं, ताटात तांदूळ पसरले होते, नवऱ्याने सोन्याच्या अंगठीने त्यात नाव लिहिलं आणि ते वाचून मला कळलं की आता माझं नाव काय. त्याच्या मोठ्या आत्याने ठरवलं होतं, त्याच्या नावाला शोभेल असं. बाबांनी पेढे वाटले. नाव छानच आहे. तीस वर्षांत मी त्या नावाची इतकी झाले आहे की रस्त्यात कोणी जुन्या नावाने हाक मारली तर मी वळेन याची खात्री नाही. माझ्या आईचं बदललं होतं, सासूबाईंचं, माझ्या तिन्ही जावांचं. दोन नावांची एक बाई दिसली की ती लग्न झालेली बाई, हे मला शिकवावं लागलं नाही. आणि दोन महिने त्या टिपेवर वर्गात कोणी हूं की चूं केलं नाही.

बारा मुलांचे निबंध आले. अकरा जणांनी माझंच म्हणणं आपापल्या इंग्रजीत मांडलं होतं. मला आनंद झाला, कारण मास्तरला स्वतःचंच बोलणं छापून आलेलं आवडतं. बारावा निबंध एका अमिराती मुलीचा होता. ती पहिल्या बाकावर बसायची, अबाया नीटनेटकी, बोलणं मोजकं. तिने लिहिलं होतं की मालकांना दोन बायका होत्या, एकीमागून एक. पहिली लवकर वारली, आणि सासऱ्याचा दावा त्या पहिलीच्या जमिनीबद्दल आहे.

मी लाल पेनने शेरा मारला: ‘साधन निष्काळजीपणे वाचलं आहे. बायको एकच आहे, टीप पाहा.’ आणि गुण कापले. थोडेथोडके नाही, चांगली एक श्रेणी खाली आणली. तिला ज्या विद्यापीठात जायचं होतं तिथे इतिहासाला वरचीच श्रेणी लागत होती. हे मला माहीत होतं, तिने वर्षाच्या सुरुवातीलाच सांगितलं होतं.

ती तास संपल्यावर आली. रडणं वगैरे काही नाही. निबंध टेबलावर ठेवला आणि विचारलं, "मिस, तिने नाव का बदललं असेल?"

"लग्न झालं म्हणून."

"इंग्रज बाया आडनाव बदलतात. पण स्वतःचं नाव?"

"जुना काळ होता," मी म्हटलं. "वेगवेगळ्या समाजांत वेगवेगळ्या रीती असतात."

"माझ्या आईने काहीच बदललं नाही. आजीनेही नाही. आमच्याकडे मुलगी मरेपर्यंत बापाच्याच नावाची असते. म्हणून मला वाटलं, नाव दुसरं तर बाई दुसरी. मग मी पुरलेल्यांची नोंदवही बघितली. आपल्या पाकिटात फक्त बाप्तिस्म्याची पानं आहेत. मृतांच्या वहीत तिचं नाव आहे, मिस."

मी हसले. हे लिहिताना मला स्वतःच्या त्या हसण्याचा राग येतो. मी तिला समजावलं की अशी नावं त्या काळी घरोघरी असत, ती कोणी चुलतभावजय वगैरे असेल. तिने "ओके, मिस," म्हटलं, निबंध उचलला आणि गेली.

रात्रीचं जेवण आमच्याकडे आठला होतं. वरणभात वाढताना मी हा किस्सा नवऱ्याला रंगवून सांगितला. हा माणूस दिवसभर बिघडलेली यंत्रं बघतो, त्याला कुठल्याच गोष्टीत रंग दिसत नाही. तो म्हणाला, "तू ती डेथची एन्ट्री चेक केलीस?"

"गरज काय? मला माहीत आहे ना."

"अगं, मशीन बंद पडलं की ऑपरेटर मला हेच सांगतो, ‘सर, मालूम है, फ्यूज गया है.’ आणि फ्यूज ठणठणीत असतो. आपल्याकडे नाव बदलतात म्हणून तिकडे बदलत होते हे कुठे लिहिलंय? रेफरन्स काय?"

"अहो, सतरा वर्षं इतिहास शिकवतेय मी!"

"शिकव ना. मी फक्त विचारलं, चेक केलंस का."

मी भांडी आदळत आवरली. मग त्याला खोटं पाडायचं म्हणून लॅपटॉप उघडला, खरं शोधायचं म्हणून नव्हे, हे प्रामाणिकपणे सांगते.

नोंद सापडायला दहा मिनिटं लागली. लग्नानंतर चौदा महिन्यांनी, दोन वह्यांत मिळून तीन ओळी. आधी एका मुलीचा बाप्तिस्मा, नाव आईचंच ठेवलेलं. त्याच दिवशी तिला पुरल्याची नोंद. तिसऱ्या दिवशी आईला पुरल्याची. पुढे मालकांचं नाव स्वच्छ अक्षरात, ‘यांची पत्नी’. चुलतभावजय नाही, कोणी नाही. तिचं वय मी तिच्या बापाच्या पत्रावरून काढलं. एकोणीस. मालकांनी तीन वर्षांनी दुसऱ्या परगण्यातली मुलगी केली. नऊ लेकरं, चमचे, थडग्यावरचा लेख, सगळं त्या दुसरीचं.

मग मी सासऱ्याचा अर्ज पुन्हा वाचला. दोन महिने तो मी हशा पिकवत वाचत होते. त्यात म्हाताऱ्याने लिहिलं होतं की मुलीच्या पोटचं कोणी उरलं नाही, म्हणून तिला दिलेलं परत मिळावं. हे वाक्य माझ्या डोळ्यांसमोर पहिल्यापासून होतं. मी ते ‘नातवंडं उरली नाहीत, म्हणजे माझ्या बाजूला कोणी उरलं नाही’ असं काहीतरी ओढूनताणून लावलं होतं. आणि पेटी. पेटीत तिचे लग्नाआधीचे कपडे होते. लेकीचे कपडे परत मागणाऱ्या बापाला मी वर्गात नाचवला होता. मला इतकी शरम वाटली की मी तिथेच, जेवणाच्या टेबलाशी, तोंडावर पदरासारखी ओढणी घेऊन बसून राहिले.

नवरा आला, बघितलं, समजला. समजूत घालायची त्याची एकच पद्धत आहे. "बरं, खलास. झालं ते झालं. आता सोल्यूशन बघ. त्या मुलीचे मार्क्स वाढव, टीप गुपचूप बदल, यल्ला, चल, अपलोड करून टाक. कोणाला कळणार आहे?"

"आणि बाकीचे अकरा? त्यांनी माझी चूक लिहिलीय आणि मी त्यांना भरभरून गुण दिलेत."

"मग त्यांचे राहू दे."

"चुकीचे?"

"तू सांगितलंस तर क्लास जाईल तुझा. तुला माहितेय ना?"

माहीत होतं. दुसरा दिवसभर मी ते गुपचूप करता येईल का, हेच बघत होते. मी काही फार थोर बाई नाही. सातवीच्या वर्गात रोमन लोकांच्या पाणीपुरवठ्यावर बोलत होते आणि डोक्यात हिशेब चालू होता की मंडळाच्या तपासनिसाला नोंदवही बघायची बुद्धी होईल की नाही. बहुधा झाली नसती. पण मधल्या सुट्टीत ती मुलगी समोरून आली, "गुड मॉर्निंग, मिस," म्हणाली नेहमीसारखीच, आणि मला तिच्याकडे बघवेना. ज्या मुलीकडे बघवत नाही तिला मी वर्षभर कशी शिकवणार होते? असा वर्ग राखून तरी काय करायचं होतं?

मी विभागप्रमुख बाईंकडे गेले आणि सगळं सांगितलं. टीप, नोंद, श्रेणी, माझं हसणं. बाईंनी ऐकून घेतलं. शेवटी म्हणाल्या, "नाव बदललं असं तुम्हाला वाटलंच कसं, हे मला अजून कळलेलं नाही."

"आमच्यात बदलतात."

"सगळं नाव?"

"स्वतःचं, मधलं, आडनाव. तिन्ही."

त्यांनी चहाचा कप खाली ठेवला. "गुण पाठवायला दहा दिवस आहेत. मुलांना निबंध दुरुस्त करायला द्यावे लागतील. पालक विचारतील. मुख्याध्यापक विचारतील की हा वर्ग तुम्हाला दिला कोणी, आणि ते नाव माझं आहे." मग म्हणाल्या, "सोमवारी वर्गाला तुम्ही सांगा. मी मागे बसेन. त्यानंतर ठरवू हा वर्ग कोणाकडे ठेवायचा."

मध्ये शुक्रवार होता, शाळा अर्धी. दुपारी मी बाबांना फोन लावला. बाबा ऐंशी पार केलेले, सांगलीकडे भावाजवळ असतात. कान थोडे गेलेत पण आवाज खणखणीत आहे. माहेरी मला सगळे अजून जुन्याच नावाने हाक मारतात, त्यांनीही तसंच म्हटलं, "बोल गं." मी इकडचं-तिकडचं बोलले, गुडघ्यांची चौकशी केली, आणि मग विचारलं, "बाबा, माझं नाव बदललं तेव्हा तुम्हाला काय वाटलं होतं?"

"कोणाचं नाव?"

"माझं. लग्नात."

मला वाटलं ऐकू आलं नाही. मग म्हणाले, "वाईट वाटलं की. तुझं नाव मी ठेवलं होतं. पण मला विचारलं कोणी?" आणि लगेच, "तिकडे गरम होतंय का फार?"

सोमवारी बाई वही घेऊन मागच्या बाकावर बसल्या. मी उभी राहिले आणि आधी फळ्याशेजारचं ते पेटीवाल्या म्हाताऱ्याचं चित्र काढून टेबलावर ठेवलं. चूक सांगायची तर ती धडधडीत सांगावी, चाचरत सांगितली की ऐकणाऱ्यालाच अवघड होतं. मी म्हटलं, मी तुम्हाला दोन महिने चुकीचं शिकवलं. मालकांना दोन बायका होत्या. मी पहिलीला पुसून टाकलं, कारण मला वाटलं ती आणि दुसरी एकच. हे तुमच्यापैकी एकीने शोधून काढलं, मला येऊन सांगितलं, आणि मी तिचं ऐकलं नाही. ती बरोबर होती, मी तिची माफी मागते. बाकीच्या सगळ्यांना शेवटची तीन पानं पुन्हा लिहावी लागतील, आणि तो दोष तुमचा नाही.

वर्गात कुरकुर झाली. एक इंग्रज मुलगा म्हणाला, "मिस, मला ते जरा विचित्र वाटलं होतं. पण मला वाटलं आमच्याकडे त्या काळी बदलत असतील. तुम्हाला जास्त माहीत." मी म्हटलं, पुढच्या वेळी विचित्र वाटलं तर हात वर कर, मी शिक्षिका आहे, देव नाही.

मग मला तसं का वाटलं ते सांगितलं. तांदळाचं ताट, अंगठी, आत्या, पेढे. मुलं डोळे विस्फारून ऐकत होती. मल्याळी मुलगी हसली, "मिस, रिअली?" इजिप्तच्या मुलाने विचारलं, पोलिसात कळवावं लागतं का? हशा झाला, मीही हसले.

ती अमिराती मुलगी हसली नाही. तिने हात वर केला. "मिस, तुमच्या वडिलांनी केस नाही केली?"

वर्ग पुन्हा हसायला निघाला होता, पण ती गंभीर होती, म्हणून सगळे थांबले.

"नाही," मी म्हटलं. "त्यांनी पेढे वाटले. शुक्रवारी मी त्यांना पहिल्यांदा विचारलं, तुम्हाला कसं वाटलं होतं. वाईट वाटलं होतं, म्हणाले. पण त्यांना कोणी विचारलं नव्हतं. मीसुद्धा नाही, तीस वर्षं."

मग आम्ही म्हाताऱ्याचा अर्ज पहिल्यापासून वाचला. या खेपेला मी आवाज काढले नाहीत. एकेक ओळ एकेकाने वाचली, आणि प्रत्येक मागणीशी मी विचारलं, हे तो का मागतोय? सासरा मुलीच्या माघारी जमीन मागतोय म्हणजे लोभी आहेच, असंही एकजण म्हणाला. ज्याने पोराचं पालकत्व विकत घेतलं तो साधू कसा असेल? मला ते पटलं. माणूस लोभी असू शकतो आणि त्याची मुलगीही मेलेली असू शकते. मालकांचंही मग वेगळंच दिसायला लागलं. चौदाव्या वर्षी आणलेला पोरगा, ज्या घरात वाढला त्याच घरातली मुलगी, ती गेल्यावर त्या घराशी त्याचं काय उरलं? त्याने पार्लमेंटात भाषणं केली नाहीत याची आम्ही थट्टा करत होतो. त्या तासाला कोणी केली नाही. तो माझा आजवरचा सगळ्यात चांगला तास झाला, हे मी मागे बसलेल्या बाईंच्या देखत सांगू शकते.

घंटा झाली, मुलं गेली. बाई वही मिटून पुढे आल्या. "इथून पुढे तेरावीचे सगळे निबंध दोघांनी तपासायचे," त्या म्हणाल्या. "तुमचेच नाहीत, माझेही."

"चालेल. आणि वर्ग?"

"वर्ग तुमच्याकडेच राहील. मुख्याध्यापकांशी मी बोलते." दारापर्यंत जाऊन त्या वळल्या. "मी लग्नानंतर आडनाव बदललं. घटस्फोटानंतर तेच ठेवलं, कागद बदलायचा कंटाळा म्हणून. माझ्या वडिलांना मीही कधी विचारलं नाही." आणि त्या गेल्या, त्यांचा पुढचा तास होता.

मी तिथेच बसले आणि त्या मुलीचा निबंध पुढ्यात घेतला. माझा लाल शेरा एका रेघेत खोडला, वाचता येईल असा, कारण दडवायचं काही नव्हतं. बाजूला लिहिलं: ‘विद्यार्थिनीचं म्हणणं बरोबर आहे. चूक शिक्षिकेची.’ श्रेणी वर नेली. अशी दुरुस्ती केली की खाली शिक्षकाचं पूर्ण नाव लिहून सही करावी लागते. मी पेन उचललं, आणि माझं जुनं नाव, बाबांनी ठेवलेलं, पहिल्यांदाच मनातल्या मनात त्या जागी लिहून बघितलं. ते अक्षर कसं काढायचं याचा हाताला विसर पडला होता. मग मी नेहमीचं नाव लिहिलं. दुसऱ्या नावाचा या देशात माझा एकही कागद नाही.